हरकत राखून

परवा जुनी ट्रंक आवरताना आजोबांची एक पावती सापडली. १९८७ साली आमच्या मळ्यातले बावीस गुंठे रस्त्यात गेले, त्याच्या मोबदल्याची. खाली आजोबांची वळणदार सही, बस्स. शेजारच्या बांधावरच्या शेतकऱ्यानेही त्याच दिवशी पैसे उचलले, पण सहीच्या वर लिहून: 'हरकत राखून स्वीकारले'.

सगळी गोम इथेच होती. १८९४ च्या भूसंपादन कायद्यात निवाडा मान्य नसेल तर कलम १८ खाली प्रकरण न्यायालयात पाठवा म्हणता येई. हरकत न नोंदवता पैसे घेतले की ती वाट बंद. 'जमीनच घेऊ नका' असं म्हणायची सोय तर इंग्रजांनी आधी ठेवलीच नव्हती. ती १९२३ मध्ये कलम ५-अ ने आली. (मुळशीचा सत्याग्रह त्याच सुमाराचा.) आणि तातडीचं कलम १७ लावलं की तीही गुंडाळता येई!

पुढे १९७८ च्या ४४व्या घटनादुरुस्तीने मालमत्तेचा हक्क मूलभूत राहिला नाही. उरलं कलम ३००-अ: कायद्याच्या आधाराशिवाय कोणाची मालमत्ता काढून घेता येणार नाही. एवढंसं वाक्य, पण हिमाचलमधल्या एका निरक्षर विधवेला तेच उपयोगी पडलं. १९६७-६८ मध्ये तिच्या जमिनीतून रस्ता नेला, संपादन न करताच. सरकार कोर्टात म्हणालं, इतकी वर्षं ताबा आमचा, म्हणून जमीन आमची. २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हे झिडकारून मोबदला द्यायला लावला. तोवर बाई ऐंशीच्या झाल्या होत्या.

आमच्यासाठीही एक दार होतं. १९८४ च्या दुरुस्तीने बाजारभावावरची दिलासा रक्कम १५ टक्क्यांवरून ३० झाली, आणि कलम २८-अ आलं. त्याच अधिसूचनेतल्या एकाला कोर्टाने मोबदला वाढवून दिला, तर कोर्टात न गेलेल्यालाही तसा मागता येई. मुकाट सही केली असली तरी. मात्र कोर्टाच्या निवाड्यापासून तीन महिन्यांत अर्ज हवा.

शेजाऱ्याचा निकाल आम्हाला कळला वर्षाने, एका लग्नाच्या पंगतीत. नानांचा अर्ज मुदतबाह्य म्हणून परत आला. शेजाऱ्याने मुद्दाम लपवलं, असं नाना शेवटपर्यंत म्हणत. मला नाही वाटत. त्याला तरी २८-अ कुठे ठाऊक होतं?

असो. २०१३ चा नवा कायदा १ जानेवारी २०१४ पासून लागू झाला, दिलासा रक्कम १०० टक्के झाली. पण हरकत राखण्याची अट त्यातही आहे, कलम ७७ मध्ये. धाकट्या काकांच्या शेतात बाह्यवळण रस्त्याची मोजणी झाली, तेव्हा फोनवर त्यांना हे सगळं सांगितलं. ते म्हणाले, "ते शब्द कागदावर मोठ्या अक्षरात लिहून दे. सातबाऱ्याच्या पिशवीत ठेवतो."