औंधचे सूर्यनमस्कार आणि शरीराचे सांधे

सूर्यनमस्काराची चाल महाराष्ट्रात जुनीच. औंध संस्थानात मात्र तो शाळेच्या वेळापत्रकात आला. १९०९ साली गादीवर आलेले भवानराव पंतप्रतिनिधी आधी सँडो या युरोपीय बलवानाच्या पद्धतीने मेहनत करत. पुढे ते नमस्कारांकडे वळले आणि औंधपासून आटपाडी-कुंडलपर्यंत संस्थानच्या शाळांत मुलामुलींकडून नमस्कार घालून घेतले जाऊ लागले. नमस्कारांवरचे त्यांचे इंग्रजी पुस्तक १९३८ मध्ये लंडनहूनही निघाले.

औंधचा नमस्कार दहा अंकांचा. पहिल्यात हात जोडून ताठ उभे राहायचे. दुसऱ्यात गुडघे न वाकवता तळवे जमिनीला टेकायचे. इथे खुब्याचा उखळीचा सांधा कामाला लागतो. त्याची खोबण खोल, म्हणून तो खांद्यापेक्षा मजबूत. खांद्याची उथळ, म्हणून हात अधिक फिरतो आणि निखळतोही लवकर. तिसऱ्या अंकात एक पाय मागे जातो, दुसरा गुडघा पुरता मुडपतो. गुडघा आणि कोपर हे बिजागरीचे सांधे, मुख्यतः एकाच दिशेने उघडझाप करणारे. चौथ्यात कंबर वर आणि टाचा जमिनीकडे, तेव्हा घोट्याची परीक्षा होते. साष्टांगात पोट न टेकता कोपरे वाकतात आणि सहाव्यात छाती पुढे काढताना कणा मागे वळतो. उरलेले चार अंक याच वाटेने उलटे येतात. तळवे एकदा टेकले की शेवटपर्यंत जागचे हलवायचे नाहीत. त्यामुळे मनगटावर भार सतत राहतो.

सांध्यातल्या कूर्चेला स्वतःच्या रक्तवाहिन्या नसतात. तिचे पोषण सांध्यातल्या वंगणासारख्या द्रवातून होते आणि हालचालीच्या दाबाने तो द्रव तिच्यात खेळता राहतो. रोजच्या मेहनतीच्या बाजूने हे कारण घामापेक्षा वजनदार आहे.

उणीव एकच, पण मोठी. दहाही अंकांत शरीर पुढे-मागेच वाकते. पीळ कुठेच बसत नाही. मानेच्या पहिल्या दोन मणक्यांमधला खिळीचा सांधा मान वळवण्याचे जवळपास निम्मे काम करतो, आणि तोच इथे बसून राहतो. छातीच्या मणक्यांनाही वळायला वाव मिळत नाही. रोज नमस्कार घालणाऱ्याने शेवटी मान आणि धड दोन्ही बाजूंना सावकाश वळवून घ्यावे.