पालखीतला सेनापती : लेनार्ट टॉर्स्टेन्सन

तीस वर्षांच्या युद्धाचा (१६१८-१६४८) विषय निघाला की आम्हां कॅथोलिकांच्या मनात एक ठरावीक चित्र उभे राहते : एका बाजूस कॅथोलिक, दुसऱ्या बाजूस प्रॉटेस्टंट. स्वीडिश सरसेनापती लेनार्ट टॉर्स्टेन्सन याचे चरित्र नीट अभ्यासू लागलो म्हणजे हे चित्र टिकत नाही.

त्याचा जन्म १६०३ सालचा, फोर्स्टेना येथला. कोवळ्या वयातच तो गुस्ताव अडोल्फ राजाच्या पदरी राहिला. हलक्या तोफा पायदळाबरोबर रणांगणात फिरत्या ठेवायच्या, ही राजाची नवी युद्धनीती त्याने आत्मसात केली. १६३१ च्या ब्राइटेनफेल्डच्या विजयात त्याच्या तोफखान्याचा मोठा वाटा होता. पुढच्याच वर्षी न्यूरेंबर्गजवळ तो शत्रूच्या हाती सापडला. इंगोलस्टाटच्या बंदिवासाने त्याची प्रकृती कायमची ढासळली. तो कैदेत असतानाच ल्युट्झेनच्या रणांगणावर त्याचा राजा धारातीर्थी पडला.

१६४१ साली योहान बानेरच्या मृत्यूनंतर सरसेनापतिपद त्याच्याकडे आले. संधिवाताने तो इतका जर्जर झाला होता की घोड्यावर बसणे पुष्कळदा अशक्य होई. मग तो पालखीतून सैन्याबरोबर जाई. तरीही त्याच्या हालचालींचा वेग शत्रूला चकित करी. १६४२ मध्ये त्याने ओलोमौत्स घेतले आणि ब्राइटेनफेल्डचीच दुसरी लढाई जिंकली. मार्च १६४५ मध्ये यांकाऊ येथे त्याने सम्राटाच्या सैन्याचा धुव्वा उडवला.

परंतु हे युद्ध धर्मासाठी होते काय? या ल्यूथरपंथी सैन्याला १६३१ पासून द्रव्य पुरवीत होता कॅथोलिक फ्रान्स, आणि त्या धोरणाचा सूत्रधार होता कार्डिनल रिशल्यू! १६४३ अखेरीस टॉर्स्टेन्सनने अचानक हल्ला केला तो डेन्मार्कवर, म्हणजे स्वपंथीयांवरच. १६४५ च्या उन्हाळ्यात त्याने ब्रनो शहराला वेढा घातला. तेथे येशूसंघीय फादर मार्टिन स्ट्रेडा यांनी नागरिकांना व विद्यार्थ्यांना धीर दिला. पण त्या कॅथोलिक नगराचा सेनानी राडुइ द सूश हा मात्र जन्माने ह्यूगनॉट, पूर्वी स्वीडनच्याच सेवेत असलेला! साडेतीन महिन्यांहून अधिक काळ झुंजूनही शहर पडले नाही. ब्रनोच्या कॅथेड्रलची माध्यान्हीची घंटा आजही अकरालाच वाजते. 'बारापर्यंत शहर न पडल्यास वेढा उठवीन' असे सेनापती म्हणाला, म्हणून ती तासभर आधी वाजवली गेली, अशी आख्यायिका आहे.

१६४६ साली आजारी टॉर्स्टेन्सनने सेनापतिपद सोडले. १६५१ मध्ये स्टॉकहोम येथे तो निवर्तला. त्याच्या कर्तृत्वाला दाद न देणे अन्यायाचे ठरेल. मात्र ज्या शेतकऱ्यांच्या शिवारांतून ती पालखी गेली, त्यांची कोठारे लुटताना कोणत्याच सैन्याने त्यांचा पंथ विचारला नाही. राजे आपल्या महत्त्वाकांक्षेला धर्माचे नाव देतात, तेव्हा क्रूस ध्वजावर राहतो आणि खिळे प्रजेच्या हातांत रुततात. इतिहासाचा हा धडा आम्ही सर्व पंथीयांनी एकत्र बसून वाचावयास हवा.