पानिपतावरची एक गोळी आणि काळाचा पेच

१. कल्पना करा, एखादा इतिहासप्रेमी काळाच्या प्रवाहात मागे गेला, १४ जानेवारी १७६१ रोजी पानिपतावर पोहोचला आणि विश्वासरावांना लागणारी गोळी त्याने चुकवली. मराठे जिंकले. मग पराभवाचे शल्य पुढच्या पिढ्यांना राहणारच नाही. शल्य नसेल, तर ते पुसण्यासाठी मागे जाणारा प्रवासी तरी कुठून येणार? कालप्रवासातील मूळ विरोधाभास तो हाच.

२. या पेचाला मराठीत एक मार्मिक उत्तर मिळाले, ते डॉ. जयंत नारळीकरांच्या ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या विज्ञानकथेत. नारळीकरांचा जन्म १९ जुलै १९३८ रोजी कोल्हापुरात झाला. वडील विष्णू वासुदेव नारळीकर हे बनारस हिंदू विद्यापीठात गणिताचे प्राध्यापक, तर आई सुमती संस्कृतच्या जाणकार होत्या.

३. काळ हा नारळीकरांच्या संशोधनाचाही विषय होता. विद्युतचुंबकीय लहरींची समीकरणे काळाच्या दोन्ही दिशांना सारखीच लागू पडतात. तरीही उद्याचा प्रकाश आज दिसत नाही. असे का? केंब्रिजमध्ये फ्रेड हॉईल यांच्यासह काम करताना त्यांनी १९६० च्या दशकात या प्रश्नाचा संबंध साऱ्या विश्वाच्या प्रसरणाशी जोडला.

४. तत्पूर्वी, १९४९ मध्ये व्हीलर आणि फाइनमन यांनी भविष्याचा परिणाम वर्तमानावर झाल्यास उद्भवणारा विरोधाभास तपासला होता. निसर्गात ‘पूर्ण घडले’ आणि ‘मुळीच घडले नाही’ यांच्यामध्येही अनेक पायऱ्या असतात; त्यांपैकी एका पायरीवर विसंगती मिटते, असे त्यांचे उत्तर होते. १९५७ मध्ये ह्यू एव्हरेट यांनी दुसरी वाट दाखवली : क्वांटम सिद्धान्तातील प्रत्येक शक्यता आपापल्या शाखेत प्रत्यक्षात येते.

५. नारळीकरांच्या कथेतील इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे एका अपघातानंतर वेगळ्याच मुंबईत वावरतात. तेथे ईस्ट इंडिया कंपनी अजून नांदते आहे, कारण इतिहासाला पानिपतावरच निराळे वळण लागले होते. तेथील बखर सांगते, की गोळी विश्वासरावांच्या कानाजवळून निघून गेली.

६. या स्थित्यंतराचा उलगडा कथेतले राजेंद्र देशपांडे करतात. त्यासाठी ते दोन गोष्टींची सांगड घालतात : कॅटॅस्ट्रॉफी सिद्धान्त आणि क्वांटम सिद्धान्तातील अनिश्चितता. गंगाधरपंतांनी भूतकाळ बदललेला नाही; ते दुसऱ्या शाखेत जाऊन आले. दोन्ही इतिहास आपापल्या जागी अबाधित राहतात आणि विरोधाभास उरतच नाही. दोन सिद्धान्त खरे. त्यांतून साधलेला हा प्रवास मात्र कल्पित.

७. इतिहासाच्या अभ्यासकासाठी यातला कॅटॅस्ट्रॉफी सिद्धान्त विशेष मोलाचा आहे. हळूहळू बदलत जाणारी परिस्थिती एका मर्यादेला पोहोचली, की लहानशा धक्क्यानेही व्यवस्था एकदम दुसऱ्या अवस्थेत कोसळते, हे त्याचे सार. धक्का क्षणाचा असतो. त्यामागची तयारी दीर्घकाळ चाललेली असते.

८. पानिपत या दृष्टीने पाहावे. लढाईपूर्वी दोन महिन्यांहून अधिक काळ मराठ्यांची छावणी कोंडली गेली होती. रसद तुटली होती, माणसे आणि जनावरे उपाशी होती. सैन्यासोबत यात्रेकरूंचा आणि कुटुंबकबिल्याचा मोठा भार होता. उत्तरेतील बहुतेक सत्ता मदतीला आल्या नाहीत. सैन्य कड्याच्या टोकाशी आधीच आले होते. विश्वासराव पडले आणि तोल गेला.

९. म्हणून ‘गोळी चुकली असती तर?’ हा प्रश्न निरर्थक नाही, पण अपुरा आहे. केवळ गोळीला दोष दिला, की भूक, रसद आणि मित्रांचा अभाव विस्मरणात जातो. उलट पराभव अटळ होता असे मानले, तर रणांगणावर दुपारपर्यंत झुंजलेल्यांच्या पराक्रमाला अर्थ उरत नाही.

१०. दुसऱ्या जगाचा पुरावा म्हणून गंगाधरपंतांच्या खिशात बखरीचे एक फाटके पान उरते. राजेंद्रही ते पान पाहिल्यावरच त्यांचे म्हणणे गांभीर्याने घेतात. कल्पनेची झेप कितीही उंच असो, इतिहासात शब्द चालतो तो पुराव्याचा. खऱ्या पानिपताचे पान मात्र एकच आहे, आणि त्यावर विश्वासरावांना गोळी लागलेली आहे.