मूल नेहमी राहते कोठे?

महाउम्मग्ग जातकात एकाच मुलावर दोघींनी हक्क सांगितल्याची कथा आहे. महौषधाने जमिनीवर रेघ ओढली, मुलाला तीवर निजविले आणि दोघींना दोन्हीकडून ओढावयास सांगितले. मूल रडू लागताच जिने हात सोडला ती आई ठरली. या कथेचे मला लहानपणापासून मोठे कौतुक. पुढे वकिलीत पडल्यावर मात्र ध्यानात आले की, 'हा तंटा आपल्या हद्दीत येतो काय?' असे महौषधाला कोणीच विचारले नव्हते. आमच्या न्यायाधीशांना तेथूनच आरंभ करावा लागतो.

१८९० च्या पालक व पाल्य कायद्याचे नववे कलम याचे उत्तर देते. मुलाच्या पालकत्वाचा अर्ज, ते मूल जेथे सामान्यतः राहते तेथील जिल्हा न्यायालयात करावा. बापाची नोकरी कोठे, लग्न कोठे लागले, याला येथे महत्त्व नाही. शब्द साधेच; परंतु त्यांतील 'सामान्यतः' या एका शब्दाने थोरामोठ्यांनाही घाम फोडला आहे.

पहिला मोठा झगडा आईबापांतला नव्हता. नारायणय्या या तेलुगू ब्राह्मणाने १९१० मध्ये आपले दोन मुलगे, कृष्णमूर्ती व नित्यानंद, अ‍ॅनी बेझंट यांच्या पालकत्वाखाली दिले. पुढे त्याचे मन फिरले. तोवर मुले शिक्षणासाठी इंग्लंडात पोहोचली होती. १९१२ मध्ये त्याने चिंगलपेटच्या जिल्हा न्यायालयात दावा लावला. तो मद्रास हायकोर्टाकडे वर्ग झाला आणि १९१३ मध्ये दोन्ही निकाल बापासारखे लागले. १९१४ मध्ये प्रिव्ही कौन्सिलने ते फिरविले. बाप हा हिंदू मुलांचा नैसर्गिक पालक, हे त्याने नाकारले नाही. पण मुले चिंगलपेट जिल्ह्यात सामान्यतः राहत नव्हती, सबब त्या न्यायालयाला अधिकार नव्हता, आणि जे खालच्या न्यायालयापाशी नव्हते ते दावा वर्ग झाल्याने हायकोर्टाला कोठून मिळणार? बापाने दाद मागावयाची तर ती इंग्लंडच्या न्यायालयात. समुद्रापलीकडे खटला चालविणे त्या पेन्शनर गृहस्थाला कितपत झेपणार होते, याचा विचार वाचकांनीच करावा.

सत्तर वर्षांनी प्रश्न उलट दिशेने आला. इंग्लंडात जन्मलेल्या मुलाला बापाने पंजाबात आणले. आई तिकडच्या न्यायालयाचा हुकूम घेऊन मागोमाग आली. १९८४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने मूल आईच्या स्वाधीन केले. पुण्यात जन्मलेले सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांनी निकालात तत्त्व मांडले ते असे : ज्या देशाशी त्या संसाराचा निकटचा संबंध, त्याचा अधिकार मोठा, मूल कोठे आणून ठेवले एवढ्या योगायोगावर अधिकार उभा राहत नाही. त्याच वर्षी कुटुंब न्यायालयांचा कायदा झाला. अशी न्यायालये जेथे निघाली तेथे हे तंटे त्यांच्याकडे गेले. पण कोणत्या गावच्या न्यायालयात जावयाचे, हा प्रश्न जागच्या जागी राहिला.

माझ्या वकिलीतले एक प्रकरण अद्याप मनातून जात नाही. आई मुलाला घेऊन माहेरी आली व तेथेच तिने अर्ज केला. मी बापाच्या बाजूने होतो. मुलाचे घर, शाळा, सवंगडी सारे आमच्या जिल्ह्यात, म्हणून मी हद्दीची हरकत घेतली. ती कायद्याला धरून होती, असे मी आजही म्हणेन. पण तारखा पडत गेल्या. सात वर्षांचे पोर नऊचे झाले. आजोळी त्याच्या दोन इयत्ता पुऱ्या झाल्या. अर्जाच्या दिवशी ते कोठे राहत होते, एवढेच न्यायालयाला पाहावयाचे होते. पण निकाल माझ्या बाजूने लागेतो त्याचे 'सामान्यतः' राहणे खरोखरच बदलून गेले होते. मी जिंकलो, आणि त्या पोराला दुसऱ्यांदा घर सोडावे लागले.

म्हणून मला वाटते, हद्दीचा वाद क्षुल्लक नव्हे. तो टाळला तर जो मूल आधी उचलील त्याचे फावते. तो लांबला तर मूल ज्याच्यापाशी आहे त्याचे फावते. त्याचा निर्णय पहिल्या काही आठवड्यांतच लागला पाहिजे. जिल्ह्याची हद्द हीदेखील जमिनीवर ओढलेली रेघच आहे, आणि तारखा पडत असताना मूल तीवर निजलेले असते.