ताणलेले पांढरे कापड

चित्रपटगृहातून बाहेर पडताना नट लक्षात राहतात, क्वचित दिग्दर्शकही राहतो; कॅमेऱ्यामागच्या माणसाची आठवण कुणाला होते? आम्हीही त्याच प्रेक्षकांपैकी. म्हणूनच सुब्रत मित्र (जन्म १९३०) यांच्याविषयी चार शब्द लिहिणे आम्हांस ऋण फेडल्यासारखे वाटते.

फ्रेंच दिग्दर्शक झाँ रन्वार यांनी १९४९-५० साली बंगालमध्ये 'द रिव्हर'चे चित्रीकरण केले. सुब्रतबाबूंना तेथे काम मिळाले नाही. तरी बघ्या म्हणून ते रोज जात आणि कोणता दिवा कोठे लावला याच्या आकृत्या वहीत काढत. पुढे खुद्द छायालेखक क्लोद रन्वार यांनाच त्या वहीचा उपयोग झाला! ही शिदोरी घेऊन, चलच्चित्राचा कॅमेरा कधी हाती न धरलेला हा एकवीस-बावीस वर्षांचा तरुण १९५२ साली सत्यजित राय यांच्या 'पथेर पांचाली'चा छायालेखक झाला. पैशांअभावी काम वारंवार खोळंबे. रायबाबूंनी विम्याची पॉलिसी आणि पत्नीचे दागिने गहाण टाकले. अखेर पश्चिम बंगाल सरकारच्या मदतीने १९५५ साली चित्रपट पडद्यावर आला.

पण आम्हांस अधिक मोलाचे वाटते ते 'अपराजितो'मधले (१९५६) काम. काशीच्या जुन्या घराचा चौक कलकत्त्याच्या स्टुडिओत उभारायचे ठरले. सुब्रतबाबूंनी हरकत घेतली. अशा चौकात उजेड वरच्या आभाळातून झिरपतो आणि ठळक सावली पडत नाही. स्टुडिओचे दिवे थेट टाकले, तर माणसामागे सावल्यांची गर्दी होते. हरकत मानली गेली नाही, तेव्हा त्यांनी चौकावर पांढरे कापड ताणले, खालून दिव्यांचा झोत त्यावर टाकला आणि परतून येणारा मऊ उजेड पात्रांवर घेतला. पडद्यावरचा तो चौक आम्हांस तरी खरा काशीचाच वाटला. काही वर्षांनी हीच पद्धत स्वीडनच्या स्वेन न्यूक्विस्ट यांच्या नावाने जगभर गाजली. त्यांची थोरवी आम्ही नाकारत नाही. मात्र कलकत्त्यातले ते कापड आधीचे, एवढे नोंदवून ठेवतो.

रायबाबूंचे दहा चित्रपट त्यांनी टिपले. काम संथ, चोखंदळ. तडजोड ठाऊक नाही. पुढे रायबाबू स्वतःच कॅमेरा चालवू लागले आणि 'नायक'नंतर (१९६६) दोघांच्या वाटा वेगळ्या झाल्या. दोष कोणाचा, हे ठरविण्याचा अधिकार आम्हांस नाही. हानी मात्र चित्रपटकलेची झाली असे वाटते. शैलेंद्र यांची 'तीसरी कसम' आणि जेम्स आयव्हरी यांचे चार चित्रपट त्यांच्याच कॅमेऱ्याचे, त्यांतला 'बॉम्बे टॉकी' (१९७०) आपल्या मुंबईचा. त्यानंतर मात्र काम फारच थोडे. छायालेखनाचा राष्ट्रीय पुरस्कार लाभला तो 'न्यू दिल्ली टाइम्स'साठी, थेट १९८६ साली, 'पथेर पांचाली'नंतर तीन दशकांनी.

शेवटची काही वर्षे ते कलकत्त्याच्या चित्रपटसंस्थेत शिकवीत होते. संस्थेला नाव होते सत्यजित राय यांचे. ७ डिसेंबर २००१ रोजी सुब्रतबाबू निवर्तले.