शिवराज अष्टक कोणत्या क्रमाने पाहावं?

दिल्ली, नोएडा, गुरुग्राम इथल्या मराठी घरांतून एक प्रश्न मला नेहमी ऐकू येतो. दिग्पाल लांजेकर यांच्या ‘श्री शिवराज अष्टक’ मालिकेतले चित्रपट मुलांना दाखवायचे आहेत, तर सुरुवात कुठून करायची? महाराष्ट्रात शिकलेल्यांनी शिवचरित्र चौथीच्या पुस्तकात क्रमाने वाचलेलं असतं. इथे वाढणाऱ्या मुलांच्या हाती ते पुस्तक येत नाही. त्यांच्यासाठी हे चित्रपट म्हणजेच पुस्तक. तेव्हा पानं कोणत्या क्रमाने लावायची, हे ठरवायलाच हवं.

आधी चित्रपट कसे आले ते पाहू. २०१८ मध्ये ‘फर्जंद’, २०१९ मध्ये ‘फत्तेशिकस्त’, २०२२ मध्ये ‘पावनखिंड’ आणि ‘शेर शिवराज’, २०२३ मध्ये ‘सुभेदार’, आणि २०२४ मध्ये लांजेकरांचाच, पण अष्टकात न मोजला जाणारा ‘शिवरायांचा छावा’. आता घटनांची वर्षं बघा. ‘फर्जंद’मधला पन्हाळा १६७३ चा, ‘फत्तेशिकस्त’मधला लाल महाल १६६३ चा, पावनखिंड १६६० ची, अफजलखानाचा वध १६५९ चा. म्हणजे पहिले चार चित्रपट चक्क उलट्या पावलांनी चालत गेले!

काल्पनिक कथांच्या मालिकांबद्दल हाच वाद जगभर चालतो. ‘स्टार वॉर्स’चे चौथा, पाचवा, सहावा हे भाग १९७७ ते १९८३ मध्ये आले आणि पहिले तीन भाग १९९९ पासून पुढे. तिथे मी प्रदर्शनाचा क्रमच धरीन. कारण कल्पित जगातलं रहस्य लेखकाने मुद्दाम राखून ठेवलेलं असतं. ते त्याने उघडलं त्याच जागी उघडण्यात गंमत आहे. इतिहासात तसं रहस्य नाही. प्रतापगडाखाली काय झालं, हे चित्रपट लावण्याआधीच सर्वांना ठाऊक असतं. तिथे समजून घ्यायचं ते कारण आणि परिणाम. एका मोहिमेतून दुसरी कशी निघाली, हे तारखांचा क्रम मोडला की दिसेनासं होतं.

एकट्या पन्हाळ्याचं उदाहरण घ्या. १० नोव्हेंबर १६५९ ला अफजलखान पडला. शत्रू सावरायच्या आत, अवघ्या अठरा दिवसांत, महाराजांनी पन्हाळा घेतला. फौजेत याला विजयाचा पाठपुरावा म्हणतात आणि तो लढाई जिंकण्याइतकाच अवघड असतो. पुढच्याच वर्षी सिद्दी जौहरने त्याच गडाला वेढा घातला. जुलैमध्ये महाराज निसटले, बाजीप्रभूंनी घोडखिंड अडवून धरली आणि महाराज विशाळगडावर पोचले. पण सप्टेंबर १६६० मध्ये पन्हाळा सोडून द्यावा लागला. जानेवारी १६६६ मध्ये तो परत घेण्याचा प्रयत्न झाला. कुमक वेळेवर पोचली नाही आणि तो फसला. शेवटी ६ मार्च १६७३ च्या रात्री कोंडाजी फर्जंद साठ निवडक माणसं घेऊन गड चढले. ‘फर्जंद’ पहिल्यांदा पाहणाऱ्या मुलाला ही एक धाडसी चढाई वाटेल. आधीचं माहीत असलेल्याला ती तेरा वर्षांची उधारी चुकती केलेली दिसेल.

म्हणून माझा क्रम असा: ‘शेर शिवराज’, ‘पावनखिंड’, ‘फत्तेशिकस्त’, ‘सुभेदार’, ‘फर्जंद’ आणि शेवटी संभाजी महाराजांचा ‘शिवरायांचा छावा’. एक व्यावहारिक सूचना. अजय पूरकर ‘पावनखिंड’मध्ये बाजीप्रभू आहेत आणि ‘सुभेदार’मध्ये तानाजी. लहान मुलांना हे आधीच सांगून ठेवा, नाहीतर खिंडीत पडलेला वीर सिंहगडावर कसा, म्हणून ती विचारतील!

पण नुसता क्रम लावून भागत नाही. ‘फत्तेशिकस्त’ १६६३ ला संपतो, ‘सुभेदार’ १६७० चा. मधली सात वर्षं या सहा चित्रपटांच्या मांडणीत एका विजयाकडून दुसऱ्या विजयाकडे मारलेल्या उडीत निघून जातात. त्याच काळात मिर्झाराजे जयसिंग दक्षिणेत उतरले. जून १६६५ मध्ये पुरंदरचा तह झाला आणि तेवीस किल्ले मोगलांना द्यावे लागले. कोंढाणा त्यांपैकीच. मे १६६६ मध्ये महाराज आग्र्याच्या दरबारात उभे राहिले आणि ऑगस्टमध्ये तिथून निसटले. ते आग्रा आपल्या घरापासून गाडीने तीन-चार तासांवर आहे. ‘फत्तेशिकस्त’ झाल्यावर एक रविवार मोकळा ठेवा आणि मुलांना तिथे घेऊन जा. किल्ला दाखवा, तहाची गोष्ट सांगा, मग ‘सुभेदार’ लावा.

माघार हा शब्द सैनिकाला आवडत नाही, तरी आम्हाला ती शिकवली जाते. काय सोडायचं, काय राखायचं आणि परत कधी यायचं, हे ठरवणारा सेनापतीच टिकतो. तेवीस किल्ले देताना महाराजांनी बारा राखले होते. त्या बारांच्या आधारावर पुढचं सारं उभं राहिलं. फक्त विजय पाहून वाढलेल्या मुलाला पहिल्या अपयशात सगळं संपल्यासारखं वाटेल. तेवीस किल्ले गेल्याचं ज्याला माहीत आहे, त्याला तानाजींनी त्या रात्री काय परत आणलं, हे सांगावं लागणार नाही.

पुढच्या भागात आग्र्याहून सुटकेच्या वाटांबद्दल बोलू. जय हिंद.