पेपोची वरात

आजोबांच्या शिसवी पेटीत एक कागद होता. गहाण टाकलेल्या चार एकरांचे पैसे फेडल्याची ती पावती. आजोबा जाऊन नऊ वर्षे झाल्यावर पंचांगाच्या घडीत ती सापडली. जमीन तोवर गेलीच होती. सावकाराचे नाव लिहीत नाही. त्याच्या घराण्यातही आता कोणी उरलेले नाही. मीही ते सारे विसरलो होतो. गेल्या पावसाळ्यात भाच्याने संगणकावर एक जुना बोलपट लावून दिला, आणि ती पेटी पुन्हा उघडली.

बोलपटाचे नाव 'पेपो', साल १९३५. आर्मेनियन भाषेतला हा पहिला बोलपट. त्याचा पटकथाकार आणि दिग्दर्शक हामो बेकनझारियान.

हा मूळचा नट. जन्म येरेवानचा. क्रांतीपूर्वीच्या रशियन मूकपटांत त्याने नायकाच्या भूमिका केल्या. पुढे कॅमेऱ्याच्या मागे गेला. १९२५ साली त्याने शिर्वानझादे यांच्या कादंबरीवरून 'नामुस' हा मूकपट केला. नामुस म्हणजे अब्रू. घराण्याच्या अब्रूपायी दोन कोवळ्या जिवांचा कसा चुराडा होतो, त्याची ही कथा. त्याच साली आपल्याकडे बाबूराव पेंटरांचा 'सावकारी पाश' आला, हा योगायोग मला मोठा वाटतो. पुढच्याच वर्षी त्याने 'झारे'मध्ये यझिदी कुर्द मेंढपाळांचे जिणे दाखवले. १९२९ साली जब्बारलींच्या अझरबैजानी नाटकावरून 'सेविल' केला. सरहद्दीच्या अलीकडचे आणि पलीकडचे असा भेद त्याच्या कॅमेऱ्याला ठाऊक नव्हता.

'पेपो'ची गोष्ट घडते तिफ्लिसमध्ये. शहर जॉर्जियाचे, पण तिथे आर्मेनियनांच्या पिढ्यान्‌पिढ्या नांदलेल्या. गाब्रिएल सुंदुक्यान यांनी मूळ नाटक तिथल्याच बोलीत लिहिले होते. ग्रंथातल्या शुद्ध भाषेत नव्हे, बाजारातल्या बोलीत. आपण बेळगावकर जी मराठी बोलतो ती पुण्याच्या कानाला कशी लागते, हे ज्यांनी सोसले आहे त्यांना याचे मोल सांगायला नको. संगीत दिले आराम खाचातुरियान यांनी. तेही तिफ्लिसच्याच आर्मेनियन घरातले.

पेपो कोळी आहे. बापाने झिमझिमोव नावाच्या व्यापाऱ्याकडे पैसे ठेवलेले असतात. बाप मरतो, कागद सापडत नाही, आणि झिमझिमोव कानांवर हात ठेवतो. हुंडा नाही म्हणून बहीण केकेल हिचे ठरलेले लग्न मोडते. त्या कागदाला तिथे 'बरात' म्हणतात. पेशवे दप्तरात पैशाच्या हुकमाला 'वरात' म्हणत, ती हीच. एकच शब्द काकेशसात आणि देशावर हिंडत होता! कागद अखेर सापडतो. पण चित्रपटात तुरुंगाची वाट धरावी लागते ती पेपोलाच. ग्राचिया नेर्सिस्यान यांचा पेपो तेव्हा रडत नाही, गयावया करीत नाही. त्याची ती मान मी अजून विसरलेलो नाही.

बेकनझारियान १९६५ साली मॉस्कोत वारला. पुढच्याच वर्षी येरेवानच्या चित्रसंस्थेला त्याचे नाव देण्यात आले.

मला मात्र एक गोष्ट बोचत राहिली. परक्या शहरात पेपोला लुबाडणारा झिमझिमोव परका नाही. तोही आर्मेनियन. पेपोच्याच भाषेत तो गोड बोलतो, आणि त्याच भाषेत नाकबूल जातो.

आम्ही सीमेवरची माणसे. अन्याय म्हटला की आमची नजर सवयीने पलीकडच्या भाषेकडे वळते. त्या सवयीला कारणेही आहेत. ती मी नाकारीत नाही. पण आजोबांचा तो सावकार? तो आमच्याच आळीतला होता. चतुर्थीला आमच्या घरी आरतीला येई. आणि मराठी तर असे बोले, की ऐकत राहावे.